काव काव कुणाची? मुंबईत नुसत्या आवाजावरून कावळे आणि कावळ्यांसारखे पक्षी ओळखणं

गॅलरीतून
१४ मे, रात्री ९.१०

नमस्कार मंडळी. इथे पक्ष्यांचे धागे पुष्कळ आहेत, पण बहुतेक फोटोंचे. मला फोटोशिवाय पक्षी ओळखायचे आहेत, कारण ओळखणारे माझे बाबा आहेत आणि त्यांना आता दिसत नाही.

बाबा ७८ वर्षांचे. काचबिंदूने दोन्ही डोळे गेले, उजेड आणि अंधार एवढंच कळतं. उभी हयात गिरणीच्या रंगखात्यात गेली. कापडाची छटा नुसत्या नजरेने जुळवायचे. दिसेनासं झाल्यावर सहा महिने ते खोलीबाहेर आले नाहीत. आता पहाटे साडेपाचला गॅलरीत खुर्ची टाकून बसतात. मी चहा घेऊन गेले की विचारतात, "हा कोण गं?" कावळा, चिमणी, पोपट यापुढे मला काही सांगता येत नाही. मग ते "बरं" म्हणून गप्प बसतात आणि मला फार वाईट वाटतं.

आम्ही मुलुंड पश्चिमेला तिसऱ्या मजल्यावर राहतो. मागे जुना आंबा, पुढे रस्त्याकडेला पर्जन्यवृक्ष. त्यावर गॅलरीच्या बरोबर समोर कावळ्याचं घरटं आहे, काड्यांपेक्षा ताराच जास्त. एका बाजूला नॅशनल पार्कचे डोंगर, दुसऱ्या बाजूला रेल्वेपलीकडे खाडी.

बाबांचे सध्याचे प्रश्न असे. डोंगराच्या बाजूने सकाळी एक कावळा ओरडतो, त्याबद्दल ते ठामपणे म्हणतात की "हा आपल्यातला नाही, याचा गळा मोठा आहे." मागच्या आंब्यावर अधूनमधून धातूवर टिचकी मारल्यासारखा गोड तीन सुरांचा आवाज येतो, आणि त्याच झाडातून लगेच कुणीतरी खरखरीत ओरडतं. दुपारी पर्जन्यवृक्षाजवळ घाईघाईने "किक् किक् किक् किक्" होतं आणि पाठोपाठ कावळ्यांचा प्रचंड गोंगाट. आणि सगळ्यात विचित्र म्हणजे संध्याकाळी साडेसातनंतर, पूर्ण अंधार पडल्यावर, आकाशातून एकच "क्वॉक". थोड्या वेळाने पुढे कुठेतरी पुन्हा एक. बाबा म्हणतात कावळा. मी म्हणते रात्री कावळा कसा उडेल?

कुणी मदत कराल का?


रानवाटा
१४ मे, रात्री १०.०२

ताई, तुमच्या बाबांचा कान तयार आहे. पहिलं उत्तर त्यांनीच देऊन टाकलंय.

मुंबईत कावळे दोन. मान राखाडी असलेला तो गावकावळा, साधारण ४० सेंटिमीटरचा. संपूर्ण काळा, अंगाने मोठा आणि जाड चोचीचा तो डोमकावळा. गावकावळा माणसांच्या वस्तीला चिकटून असतो. डोमकावळा शहरातही दिसतो, पण झाडी दाट झाली की त्याचं प्रमाण वाढतं, त्यामुळे मुलुंड, आरे, बोरिवली या पट्ट्यात तो हमखास ऐकू येतो.

गावकावळ्याचा "काव" नाकातून येतो. किनरा, जरा चपटा आणि घाईचा. डोमकावळ्याचा "खाऽऽ" छातीतून येतो, घोगरा आणि भरीव, एकेक हाक वेगळी ठेवून दिलेली. फक्त एका हाकेवर निकाल देऊ नका. भांडताना गावकावळाही आवाज जाड करतो. तीन-चार हाका ऐका. खालचा सूर कायम राहिला तर डोमकावळा. शिवाय हा पक्षी कधीकधी पोकळ लाकडावर ठोकल्यासारखा "टॉक् टॉक् टॉक्" असा आवाज घशातून काढतो. ऐकणारा सुतार पक्षी शोधत बसतो.

आंब्यावरचे दोन्ही आवाज एकाच पक्ष्याचे आहेत. टकाचोर. तांबूस अंग, काळपट डोकं, लांब शेपूट. तोही कावळ्याच्याच कुळातला. गोड हाक "को-की-ला" अशी तीन तुकड्यांत येते आणि ती संपताच "खॅ-खॅ-खॅ" सुरू होतं. एका गळ्यातून इतके दोन टोकांचे आवाज निघतात यावर माझा पहिल्यांदा विश्वास बसला नव्हता. आरेत एका शिरीषाखाली पाऊण तास उभा राहून चोच हलताना पाहिली तेव्हा पटलं.

"किक् किक्" कोकिळेचं, म्हणजे मादीचं. रात्रीच्या "क्वॉक"बद्दल मला अंदाज आहे, पण इथे खाडीकाठचे लोक आहेत, त्यांनी सांगावं.


बंदरकर
१४ मे, रात्री १०.४०

रातबगळा! शंभर टक्के. मी शिवडीला वाढलो, हा आवाज माझ्या लहानपणाचा आहे.

दिवसभर झाडात मान आखडून बसतो, अंधार पडला की खाडीकडे मासे-खेकड्यांवर निघतो. उडता उडता एकेकदा "क्वॉक" करतो. मुलुंडला तुमच्या घरावरून पूर्वेला, खाडीच्या दिशेने आवाज सरकत जातो का ते बाबांना विचारा. पहाटे उजाडायच्या आत उलट्या दिशेने यायला हवा.

आणि बाबांना एक आवर्जून सांगा. या बगळ्याचं शास्त्रीय नाव निक्टिकोरॅक्स. ग्रीकमध्ये त्याचा अर्थ रात्रीचा कावळा. सजीवांना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने १७५८ साली त्याला नाव दिलं त्यात हाच शब्द आहे. ज्यांनी अंधारात तो आवाज ऐकला त्यांना शेकडो वर्षं कावळाच आठवला, तसाच बाबांनाही आठवला.


गॅलरीतून
१५ मे, सकाळी ७.२५

बंदरकर दादा, आवाज पूर्वेलाच जातो! बाबांनी हाताने दिशा दाखवली. आणि आज पहाटे पाचच्या सुमाराला उलटा आला. "रात्रीचा कावळा" ऐकून ते इतके खूश झाले की आत जाऊन आईला सांगून आले. स्वतःहून. कितीतरी दिवसांनी.


पार्लेकरीण
१५ मे, दुपारी २.१५

ताई, सगळे तुम्हाला नवे पक्षी सांगतील. मी उलटं सुचवते. आधी एकच पक्षी पुरता ऐका: तुमच्या समोरच्या घरट्यातला गावकावळा. मुंबईत आपल्याला ऐकू येणाऱ्या "कुठल्यातरी अनोळखी पक्ष्यां"पैकी निम्मे कावळेच निघतात, असा माझा चार वर्षांचा अनुभव आहे. माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीसमोर नारळ आहे आणि ओट्याशेजारी वही. कावळा काय बोलला आणि त्या वेळी काय चाललं होतं, एवढंच त्यात लिहीत गेले.

पहाटेची हाक सुटी असते. एक ओरडतो, थांबतो, तीन इमारती सोडून दुसरा उत्तर देतो. पोळी दिसली की तोच आवाज आखूड होतो, "का-का-का", आणि दोन मिनिटांत कठड्यावर पाच जण असतात. मांजर आली तर कर्कश, एकमेकांवर चढणारा आवाज, आणि तो मांजरीबरोबर भिंतीच्या कडेने पुढे सरकतो. डोळे मिटून सांगता येतं मांजर आता कुठवर पोचली. घार फार जवळून गेली तर स्फोटासारखा आवाज होतो, सगळे एकदम उठतात आणि लगेच विरतो. दिवसा घुबड सापडलं तर मात्र अर्धा-अर्धा तास थांबत नाहीत. एकदा असा गोंगाट मोजत गेले तर आमच्या पाण्याच्या टाकीमागे गव्हाणी घुबड बसलेलं होतं.

आता सगळ्यात सुंदर. दुपारी एक-दोनच्या सुमाराला, रस्ता शांत असताना, जोडीतला एक दुसऱ्याच्या मानेची पिसं विंचरतो. तेव्हा घशातल्या घशात "कुर्र्र… कुर्र्र" असा मऊ आवाज येतो. मांजर गुरगुरते त्याच्या जवळपासचा. मी शेजारणीला रेकॉर्डिंग ऐकवलं, ती म्हणाली कबुतर. कावळा आहे हे पटायला तिला खिडकीशी यावं लागलं.

घरट्यात पिल्लं आली की "आँऽ आँऽ" असं रडगाणं सुरू होतं, आणि घास घशात जाताच त्या रडण्याचा मध्येच घोट होतो, पाण्यात बोलल्यासारखा. ते ऐकलं की कळतं, आईबाप आत्ता परतले.

बाबांना हे सगळं समोरच्या एका झाडावरून मिळेल. एका पक्ष्याचं घर, भांडण, भीती, माया ओळखीची झाली की उरलेले पक्षी आपोआप वेगळे पडतात.


शब्दगंध
१५ मे, सायंकाळी ६.५०

पार्लेकरीण ताईंचा प्रतिसाद दोनदा वाचला. एक शंका विचारते. "काव", "खाऽ", "को-की-ला" असं अक्षरांत लिहिल्याने मदत होते की दिशाभूल? पावशाचंच बघा. आपल्याकडे तो "पेर्ते व्हा" म्हणतो, कारण तो ओरडतो तेव्हा पेरण्या तोंडावर आलेल्या असतात. हिंदी मुलखात तोच पक्षी "पी कहाँ" विचारतो. पक्षी एकच, आवाज एकच. ऐकणाऱ्याच्या मनात जे आहे ते ऐकू येतं. टकाचोराच्या "को-की-ला"मुळे किती जणांनी त्याला कोकिळा समजून सोडून दिलं असेल.


रानवाटा
१५ मे, रात्री ८.३०

मुद्दा खरा आहे. अक्षरं ही खुंटी आहे, आठवण टांगायला. ओळख मात्र अक्षरांनी होत नाही. मी नव्या माणसाला चार गोष्टी विचारतो: सूर वर चढतो की खाली येतो की सपाट राहतो; आवाज स्वच्छ शिट्टीसारखा आहे की फाटका; दोन हाकांमधलं अंतर सारखं आहे का; आणि आवाज जागेवरून येतोय की फिरतोय.

भारद्वाज घ्या. दाट झुडपातून "कूप् कूप् कूप्", खोल, सारख्या अंतराने, रिकाम्या माठात तोंड घालून म्हटल्यासारखा. काळं अंग आणि विटकरी पंख, जमिनीवर दिसला की पुष्कळ जण त्याला कावळ्याचाच भाऊबंद समजतात. पण आवाजात फाटकेपणाचा लवलेश नाही. तो कोकिळेच्या गणगोतातला आहे, कावळ्याच्या नाही. तांबटाचं "टुक् टुक् टुक्" दुपारभर एकाच सुरावर चालतं, पण ते कितीतरी वरच्या पट्टीत. घारीची हाक थरथरत जाणारी शिट्टी. या तिघांत आणि कावळ्यात गोंधळ व्हायचं कारण नाही, फक्त एकदा नीट ऐकायला हवं.


निळीपाटी
१६ मे, सकाळी ११.००

वर "कोकिळा, म्हणजे मादी, किक् किक् करते" असं वाचलं. मग कुहू कुहू कोण करतं? आपण तर लहानपणापासून कोकिळा गाते असंच म्हणत आलो.


रानवाटा
१६ मे, दुपारी १२.२०

गातो तो कोकिळ, नर. चकचकीत काळा, लाल डोळ्यांचा. "कुऊ… कुऊ… कुऊ" प्रत्येक वेळी थोडा वर चढत जातो, टिपेला पोचला की तुटतो आणि पुन्हा खालून सुरू. मादी तपकिरी, अंगभर पांढरे ठिपके, आणि तिच्याकडे ती तीक्ष्ण "किक् किक्" आहे. नराचा आणखी एक आवाज असतो, उकळत्या पाण्यातून बुडबुडे फुटावेत तसा. तो फारच कमी लोकांना ठाऊक असतो.

हिवाळ्यात दोघंही जवळजवळ गप्प असतात, म्हणून लोकांना वाटतं ते कुठेतरी निघून जातात. जात नाहीत, आपल्याच झाडांत फळं खात असतात. फाल्गुनाच्या आगेमागे गळा उघडतो आणि पावसाळा अर्धा होईतो चालतो.

आणखी एक गंमत वाटेल अशी खरी गोष्ट. पक्ष्यांच्या वर्गीकरणात गाणारे पक्षी म्हणून जो मोठा गट आहे, ज्यांच्या स्वरयंत्राची रचना गुंतागुंतीची असते, त्यात दयाळ, बुलबुल, साळुंकी यांच्या सोबत कावळा येतो. कोकिळ त्या गटात येत नाही.

गॅलरीतून ताई, तुमच्या दुपारच्या गोंगाटाचा अर्थ आता लागतो. कोकिळा आपली अंडी गावकावळ्याच्या घरट्यात घालते. तिला पाहताच कावळे तुटून पडतात. पळता पळता ती "किक् किक्" करते. घरट्यावर कान ठेवा.


ध्वनिलहर
१६ मे, रात्री ११.३५

रेकॉर्डिंगबद्दल थोडं, कारण पुढे तेच कामाला येईल.

साधा मोबाइल पुरतो. खिडकीच्या कठड्यावर आडवा ठेवा, माइकचं भोक झाडाकडे, मागे एक जाड टॉवेल घडी करून. घरातला पंखा बंद. सकाळी साडेपाच ते सहा हा वेळ सोन्यासारखा, त्यानंतर रिक्षा आणि पाण्याचे पंप सुरू होतात. रेकॉर्डिंगच्या सुरुवातीला तारीख, वेळ, दिशा तोंडाने बोलून ठेवा.

मर्लिन नावाचं मोफत अॅप आहे, अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठाच्या पक्षिविज्ञान प्रयोगशाळेचं. ते ऐकून नाव सुचवतं. झेनो-कँटो या संकेतस्थळावर जगभरच्या लोकांनी दिलेले आवाज आहेत, तिथे गावकावळा आणि डोमकावळा पाठोपाठ ऐकता येतात.

तुम्हाला आवाजाचं चित्रही पाहता येईल. कोकिळाची हाक म्हणजे स्वच्छ, बारीक, वर वळणारी एकच रेघ. कावळ्याची हाक म्हणजे शिडी, एकावर एक पायऱ्या. आपल्याला जो फाटकेपणा ऐकू येतो तो त्या अनेक पायऱ्या एकदम वाजल्यामुळे. तांबट म्हणजे सारख्या अंतरावरचे ठिपके. बाबांना हे दिसणार नाही याची जाणीव आहे. पण तुम्ही त्यांच्या तळहातावर बोटाने रेघ काढून दाखवू शकता. मी माझ्या आजीला तसं दाखवायचो, तिलाही शेवटी दिसत नव्हतं.


भांडुपकर
१७ मे, सकाळी ६.४५

अॅपवर पूर्ण भिस्त ठेवू नका. भांडुप पंपिंग स्टेशनच्या रस्त्यावर अॅपने मला शिक्रा, म्हणजे छोटा शिकारी पक्षी, दाखवला. मी दहा मिनिटं आकाश धुंडाळलं. तारेवर कोतवाल बसला होता, दुभंगलेल्या शेपटीचा, आणि तोच शिक्र्याची हाक काढत होता. आसपासच्या साळुंक्या घाबरून उडाल्या आणि हा खाली उतरून त्यांनी टाकलेला किडा घेऊन गेला. नॅशनल पार्कात त्याचा मोठा भाऊ आहे, शेपटीला दोन लांब तारा आणि टोकाला पिसांचे झुपके असलेला. तो तर एका दमात चार-पाच पक्ष्यांचे आवाज काढतो.

कोतवालही काळा, कावळ्यांशी त्याचं कायमचं वैर. स्वतःच्या घरट्याजवळ कावळा आला की त्याच्या पाठीवर जाऊन टोचतो. त्यामुळे त्यांचे आवाज एकत्रच ऐकू येतात. कावळ्याच्या ओरडण्यात मध्ये मध्ये कोरडी, झटक्याची "चीऽ-चीक्" आली तर समजा कोतवाल मागे लागलाय. नकलेची खूण एकच: खरा शिक्रा एकच आवाज काढत राहतो, कोतवाल थोड्याच वेळात दुसऱ्या कुणाचातरी आवाज धरतो.


निळीपाटी
१७ मे, सकाळी ९.३०

मग ताईंनी गॅलरीत छोटा स्पीकर लावून कोकिळेचं रेकॉर्डिंग वाजवलं तर? कावळे ओरडतात का ते लगेच कळेल.


पार्लेकरीण
१७ मे, सकाळी ९.५५

नका वाजवू, कळकळीने सांगते. समोर घरटं आहे, विणीचे दिवस आहेत. खोट्या आवाजाला खरा समजून कावळे अंड्यांवरून उठतील, तेवढ्यात घार येईल. सतत वाजवलं तर ते घरटं सोडूनही देतील. बाबांना ऐकवायचं असेल तर कानात इयरफोन घालून ऐकवा. दुसरं म्हणजे पिल्लं बाहेर पडायच्या दिवसांत गॅलरीत कपडे वाळत घालताना डोक्यावर काहीतरी घ्या, कावळे मागून येऊन टोचतात. ते चिडके नसतात, पिल्लू कुठेतरी जवळच्या फांदीवर बसलेलं असतं.


टेकडीवरचा
१८ मे, रात्री १०.१५

विषयाला थोडं सोडून आहे, पण लिहावंसं वाटलं.

आईचं दहाव्याचं कार्य बाणगंगेला केलं. पिंड ठेवून आम्ही सगळे लांब उभे. काका, मामा, सगळे तोंडाने "काव काव" करत होते. वरच्या पिंपळावर सात-आठ कावळे होते, एकही हलला नाही. वीस मिनिटं गेली. मग बाजूच्या कौलावरून एका कावळ्याने आखूड "का-का" केलं आणि तो उतरला, त्याच्यामागे बाकीचे. मामा म्हणाले, आईची इच्छा पुरी झाली. मी आईला मनातल्या मनात जे वचन दिलं होतं ते त्याच क्षणी दिलं होतं, त्यामुळे माझ्यापुरतं ते खरं आहे आणि तसंच राहील.

पण आज पार्लेकरीण ताईंची "पोळी दिसली की आखूड का-का" ही ओळ वाचली आणि तो आवाज जसाच्या तसा कानात आला. इतक्या वर्षांनी कळलं की तो कावळा त्या वेळी इतरांना काय सांगत होता.


गॅलरीतून
२६ मे, रात्री ९.००

बरेच दिवस लिहिता आलं नाही, पण बाबांचं काम रोज चालू आहे. वही मी धरते, ते सांगतात.

डोमकावळा पक्का झाला. बाबा म्हणतात, "गावकावळा पुढच्या दातांनी बोलतो, हा पडजिभेने." ते टॉक् टॉकही दोनदा ऐकलं. जोडीचं कुर्र्र ऐकायला आम्ही तीन दुपारी गॅलरीत बसलो, दोघंही काही न बोलता. तिसऱ्या दिवशी आलं. बाबांनी माझा हात दाबला आणि आवाज थांबेपर्यंत सोडला नाही. ध्वनिलहर, कोकिळाची रेघ त्यांच्या तळहातावर काढली. ते म्हणाले, "म्हणजे ताग्याची कड." आणि कावळ्याची शिडी काढली तर म्हणाले, "हे विणलेलं कापड." आता आमच्यात तीच भाषा चालते. कोतवाल अजून मिळालेला नाही.

किक् किक् गेल्या आठवड्यात बंद झालं. पण मधल्या एका दुपारी बाबांनी सांगितलं होतं की कोकिळ समोरच्या इमारतीवर अगदी उघड्यावर ओरडतोय, दोन्ही कावळे त्याच्यामागे तिकडे धावलेत आणि घरट्याजवळ कुणीतरी फांदी हलवतंय. मला काहीच दिसलं नव्हतं, पानं दाट आहेत.


रानवाटा
२६ मे, रात्री ९.४०

नर कावळ्यांना लांब ओढून नेतो आणि तेवढ्यात मादी अंडं घालते, असं वर्णन जुन्या पक्षिनिरीक्षकांनी केलेलं आहे. बाबांनी ते ऐकलं असण्याची दाट शक्यता आहे. ताई, ती तारीख वहीत लाल शाईने लिहून ठेवा. कोकिळेचं अंडं साधारण १२ ते १४ दिवसांत उबतं, कावळ्याच्या अंड्यांच्या आधीच. पिल्लू आणखी तीन-चार आठवड्यांनी बाहेर येतं. सुरुवातीला ते कावळ्याच्या पिल्लासारखंच ओरडतं, म्हणून आत्ता काही कळणार नाही. जूनअखेरीस कळेल.


बंदरकर
११ जून, रात्री ८.२०

पाऊस लागला. ताई, घरटं टिकलं का?


गॅलरीतून
१२ जून, सकाळी ८.०५

टिकलं. तारांचं असल्यामुळे असेल. काल रात्री वाऱ्याने पर्जन्यवृक्षाची एक मोठी फांदी पडली, बाबा झोपलेच नाहीत. सकाळी सहाला "आँऽ आँऽ" ऐकू आलं आणि मग घोट. तेव्हा चहा प्यायले.


पार्लेकरीण
१२ जून, सकाळी ८.३०

डोळ्यांत पाणी आलं हो. बाबांना नमस्कार सांगा.


गॅलरीतून
२९ जून, सायंकाळी ७.४०

पिल्लं बाहेर पडली. कालपासून कठड्याजवळच्या फांदीवर दोघं आहेत. पावसात भिजतात, ओरडतात, आईबाप घास आणून देतात. मला दोन्ही आवाज सारखेच वाटत होते. आज चारच्या सुमाराला बाबा म्हणाले, "डावीकडचा तिचा नाही."

मी विचारलं कशावरून. म्हणाले, "उजवीकडचा रडतो आणि घास गेला की रडणं गिळतो. डावीकडचाही तसंच करायला बघतो, पण त्याचं सूत बारीक आहे. शेवटाला टोक येतं."

मी छत्री घेऊन खाली गेले, रस्ता ओलांडला आणि पलीकडून वर पाहिलं. उजवीकडे राखाडी मानेचं, गुलाबी तोंडाचं कावळ्याचं पिल्लू. डावीकडे काळपट, लांब शेपटीचं, अंगाने सडपातळ, अंगावर फिकट ठिपके. कावळी त्याच्या तोंडात काहीतरी कोंबत होती. वर गॅलरीत बाबा कठड्याला धरून उभे होते. मी ओरडून सांगितलं, "बाबा, कोकिळेचं आहे!" रस्त्यावरचे दोन-तीन लोक थांबून बघायला लागले. बाबांनी वरून त्यांनाही सांगितलं, डावीकडे बघा, डावीकडे.

रानवाटा, वहीतली लाल शाईची तारीख १९ मे आहे. आज ४१ दिवस झाले. बरोबर बसतं का?


रानवाटा
२९ जून, रात्री ८.०५

तंतोतंत बसतं. बाबांना विचारा, रविवारी पहाटे गोरेगावला बीएनएचएसच्या (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या) केंद्राच्या वाटेने चालायला येतील का. गाडी मी आणतो. पावसात कोतवाल कमी बोलतात, पण टकाचोर नक्की भेटेल.


गॅलरीतून
२९ जून, रात्री ८.३०

विचारलं. बूट कुठे ठेवलेत ते मला विचारताहेत.